माणशी एक अंडं

सहलीच्या मंडळींसाठी इटालियन स्वयंपाकाचा वर्ग चालू होता. निवृत्त स्टेशनमास्तरांच्या मनगटावरच्या घड्याळापर्यंत पीठ पोहोचलं होतं. कान तेवढे मोकळे होते. शेजारच्या ओट्यावर एक वयस्कर नवरा-बायको होते. बाई स्टुलावर हाताची घडी घालून बसलेल्या, आणि कणीक नवऱ्याच्या ताब्यात.

"अगं, हात लाव ना जरा. सगळं बोटांना चिकटतंय."

"मळत राहा, सुटेल."

"आयुष्यभर मला साधा चहा करू दिला नाहीस, आणि आता एकदम पास्ता?"

"चुकलंच माझं."

"घरीच शिकवायचं होतंस."

"घरी मी तुमच्या हातातून कालथा काढून घेतला असता. इथे परक्यांसमोर लाज वाटते, म्हणून गप्प बसते. अहो, आणखी पीठ कशाला? आणि हे दुसरं अंडं? शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या ना, माणशी एक!"

"मग आपण दोघं आहोत."

"डॉक्टर बोलले तेव्हा तुम्हीही समोरच बसला होतात. पुढच्या वर्षी तुम्ही एकटेच असणार. एकाचं माप हाताला बसू दे."

मास्तरांनी आपला तयार गोळा उगाचच पुन्हा मळायला घेतला.

"आणि चव? ती कोण सांगणार?" नवऱ्याने विचारलं.

"आज मी आहे ना."

"मग आज दोघांचं."

दुसरं अंडं ओट्याच्या कडेवर आपटलं.

"अहो, टरफल पडलं आत!"

"दिसलं मला. तू बस. मी काढतो."