शिशाचा मासा

नाही हो ताई, पाण्यासकट नाही तोलत मी — कुठेही जा, कोणी तोलणार नाही. आधी आतलं अ‍ॅसिड ओतायचं, मग बॅटरी काट्यावर, हीच या धंद्याची रीत. म्हातारा वजन मारतोय असं वाटतंय ना? वाटू द्या, सगळ्यांनाच वाटतं. पण त्या अ‍ॅसिडचं मी काय लोणचं घालू? आणि जरा लांब उभ्या राहा — कपड्यांवर शिंतोडे उडाले, भोकं पडली, की माझ्या नावाने खडे फोडाल. कुठे ओततो म्हणजे? मागे, नाल्यात. सगळेच ओततात.

इन्व्हर्टरची ना ही? जड आहे, शिसं चांगलं निघेल. तो धूर दिसतोय ना, ती आमचीच भट्टी — खोकं फोडायचं, प्लेटा काढायच्या, वितळवायच्या. विषारी? हां, म्हणजे तुम्हीही त्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंच्याच बाजूच्या. अहो, माझी हयात गेली या धुरात, आणि हा बघा, ठणठणीत उभा आहे तुमच्यासमोर. हात थरथरतात, ते सोडा, ते वयाने. पोटात कळ येते ती चहाने, चहा फार होतो माझा. थांबा, बूच कुठे गेलं — हे काय, हातातच आहे.

आत आदळआपट चाललीय ती? सून आहे, सामान भरतेय, माहेरी निघालीय. भांडण नाही हो — भांडली असती तर बरं झालं असतं, मी दोन शब्द बोललो असतो, ती चार बोलली असती, झालं असतं. ‘बाबा, भट्टी बंद करा, नाहीतर पोर परत येणार नाही,’ एवढंच म्हणाली, तेही भाजी चिरता चिरता, मान वर न करता. आणि आमचे चिरंजीव भट्टीपाशी जाऊन बसलेत. बंद करा म्हणे. मग खायचं काय, दगड?

ढमी म्हणतो मी नातीला. अशी गुबगुबीत होती, कडेवर घेतली की हात भरून यायचा. बोलायलाही लागली होती — आबा, दे, भूर. मग काय झालं कोण जाणे, एकेक शब्द गेला. आता काही हवं असलं की नुसतं बोट करते. पोरं बोलतात उशिरा, होतं असं, माझा मुलगासुद्धा उशिराच — नाही, खोटं कशाला सांगू, तो लवकर बोलला. तेव्हा भट्टी लांब होती, वस्तीबाहेर. घरामागे मीच आणली, जायची-यायची दगदग नको म्हणून. डॉक्टरीणबाईंनी पोरीचं रक्त तपासलं आणि विचारलं, ही तोंडात काय घालते. सुनेने पिशवीतून मासा काढून टेबलावर ठेवला.

मी केलेला मासा हो. दात येत होते तिला, सारखी किरकिर — तर मी मातीत साचा कोरला, उन्हात खडखडीत वाळवला आणि त्यात पळीभर शिसं ओतलं. खवले कोरले होते, शेपटीला बाक दिला होता. गार लागायचा ना, हिरड्यांना बरं वाटायचं तिला. दिवसभर चघळायची, झोपेतही तोंडातच. दुसरं खेळणं दिलं की फेकून द्यायची, आणि मला कोण आनंद — सगळ्यांना दाखवायचो, बघा, पोरीला आबाचाच मासा लागतो. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, त्यावर पांढरी भुकटी धरते, ती गोड लागते मुलांना. गोड लागते म्हणून चघळत होती, आणि मला वाटलं मी दिलाय म्हणून.

परत भट्टीत टाकला मी तो. सुनेच्या देखत टाकला. तर म्हणाली, मासा गेला बाबा, पण तुमचे हात आहेत ना. धुतो हो मी हात — साबणाने धुतो, राखेने धुतो, हे नखांतलं बघा, निघतच नाही. आणि ढमी तर मी दिसलो की येते धावत, माझं बोट धरते आणि थेट तोंडात घालते. तिला काय कळतंय.

आली वाटतं सुनेची गाडी. तुम्ही उभ्या राहा, मी आलोच — नको, आत नाही जात. ढमीच येतेय बाहेर. बघा, बघा, कशी येतेय, हात वर करून. ढमे, नको. नको गं राजा, आबाचे हात घाण आहेत. मागे घेतलेत मी हात, तरी मागून बोट शोधतेय. ताई, तुम्ही बॅटरीला हात नाही ना लावलात? तुमच्या ड्रायव्हरने उतरवली, मी बघितलं होतं. मग उचला तिला. उचला हो, रडू दे, गाडीत आईजवळ नेऊन बसवा.

बसली? माझ्याकडेच बोट करतेय अजून.

तुमची बॅटरी परत न्या. नाही घ्यायची मला. उद्याचं उद्या — जा म्हणतोय ना, जा.