काही नाही, नुसतं गरम करायचं

...नाही, पण मी म्हणतो, जर 'काही नाही', तर मग आमच्या स्वयंपाकघराच्या छतावर लाल ठिपके कसले आहेत? सांगा ना. भिंतीवर समजू शकतो, शर्टावर तर समजूच शकतो, पण छतावर? आणि हे सगळं एका बाटलीतून. पास्त्याचा तयार सॉस. तयार, बरं का! मला आपलं वाटलं, त्यांनी तयार केलाय म्हणजे आपण नुसतं खायचं. कसलं काय. तुम्हाला सांगतो, आपल्याकडे स्वयंपाकातलं काहीही कुणालाही विचारा, सुरुवात एकच. 'काही नाही हो, नुसतं...' आणि त्या 'नुसतं'च्या पुढे जी गाडी सुटते, ती दोन पातेली करपल्याशिवाय थांबत नाही.

तर झालं असं. मी कुलूपवाला. किल्ल्या करतो, अडकलेली दारं उघडतो, माझं सगळं सरळ असतं. आमची ही शिवणकामाच्या कारखान्यात कापड कापते. कापायची, म्हणायला पाहिजे आता. कापडाची ही एवढी जाड थप्पी असायची, तिच्यावर खडूने रेघ मारून कात्री चालवली की वरचा तुकडा आणि खालचा तुकडा, एका दोऱ्याचा फरक नाही. आणि जीभ त्या कात्रीची सख्खी बहीण. रस्त्यात समोरून माणूस आला तर ही त्याचं तोंड बघत नाही, खांदा बघते. 'डावी बाही ओढलीय.' डॉक्टरकडे गेलो तर ते हिची नाडी बघतायत आणि ही त्यांची कॉलर बघतेय. इतकी वर्षं मी तिच्यासमोर वाकडा शर्ट घालून बाहेर पडलेलो नाही, माझी छातीच नव्हती तेवढी. आणि मग कारखान्यात आलं मशीन. आपलं आपण कापतं म्हणे. हिला नेऊन बसवलं बटणांच्या टेबलावर, पुड्या भरायला.

त्या दिवसापासून ही घरी येते, खिडकीजवळच्या खुर्चीत बसते, चपला पायातच, पिशवी मांडीवर, जशी काही पुढच्या स्टॉपला उतरणार आहे. मी विचारतो, 'काय झालं?' तर म्हणते, 'काही नाही.' बघा! तिथेही काही नाही!

आणि बोलत नाही म्हणून नाही हो माझी तक्रार. चुका काढत नाही. एक दिवस मी मुद्दाम, अगदी मुद्दाम, शर्टाची बटणं चुकीच्या काजात लावून तिच्यासमोर तीनदा फिरलो. एक टोक इथे, एक टोक तिथे. तिने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, 'बसा ना.' बसा ना! मीच आपली बटणं पुन्हा सरळ लावली. बायको रागावली तर माणूस समजूत काढेल, रुसली तर आणखी काही करेल, पण बायकोने बघूनही बघितलं नाही तर काय करायचं?

म्हणून पास्ता. एकदा तिच्या मैत्रिणीकडे आम्ही तो खाल्ला होता, तर हिने दुसऱ्यांदा वाढून घेतला आणि वर म्हणाली, 'मीठ जरा कमी आहे, पण चांगला झालाय.' हिच्या तोंडून 'पण चांगला झालाय'! त्या मैत्रिणीचे डोळे भरून आले होते. म्हटलं, तेच करू. एवढी एक चूक तरी काढेल. मीठ कमी आहे म्हणेल. बास, मला तेवढंच हवं होतं.

कोपऱ्यावरच्या दुकानातल्या बाई म्हणाल्या, 'काही नाही भाऊ, ही बाटली घ्या, नुसतं गरम करायचं, पास्त्यावर ओतायचं, झालं.' ठीक. घरी आलो. आता झाकण उघडेना. मी! लोकांच्या तिजोऱ्या उघडणारा माणूस, बँकेचा मॅनेजर मला 'साहेब' म्हणतो, आणि मी ती बाटली पोटाशी धरून स्वयंपाकघरात नाचतोय. टॉवेल घेतला, गरम पाणी ओतलं, बूड बडवलं. शेवटी दुकानाची हत्यारांची पेटी आणली, पातळ पत्ती झाकणाखाली सारली, 'टक्' झालं आणि एवढा सॉस शर्टावर. बोटाने चाटून बघितला. खोकल्याचं औषध असतं ना, लहान मुलांचं? त्याला टोमॅटो दाखवून आणला होता, बस.

मी हे तिला खायला घालू? केला ताईला फोन. ताई म्हणजे माझी थोरली बहीण, फोनवर बोलताना सुद्धा हातवारे करते, ते आपल्याला ऐकू येतात. 'अरे काही नाही रे, बाटलीतला सॉस कधी तसाच घ्यायचा नसतो, नुसता एक कांदा बारीक चिरायचा, तेलात गुलाबी होईपर्यंत परतायचा, मग लसूण, मग तुझी ती बाटली, मंद गॅसवर आटवायची, की झालं.' म्हटलं, ताई, कांदा गुलाबी होईपर्यंत? हा कांदा मुळातच गुलाबी आहे. तर म्हणते, 'तसा गुलाबी नाही रे, गुलाबी म्हणजे... गुलाबी!' बरं. बारीक म्हणजे किती बारीक? 'बारीक म्हणजे बारीक, तू इतकं काय विचारतोस?' आता मी केसाच्या जाडीने किल्ली घासणारा माणूस, मला माप नको? चिरला आपला. काही तुकडे बारीक झाले, काही आडवे गेले, एक मोठा तुकडा तर जसाच्या तसा पातेल्यात पडला, त्याला मी काही बोललो नाही.

'आणि आटवायचं किती?' विचारलं. ताई म्हणाली, 'अंगाबरोबर रस राहिला पाहिजे.' कुणाच्या अंगाबरोबर? हे विचारेपर्यंत लसूण करपला.

करपलेला वास गेला शेजारी, आणि शेजारी राहतात विम्याचे एजंट. त्या माणसाला वासावरून कळतं कुठे काय बिघडलंय. आले आत, चमचा उचलला, चाखला, डोळे मिटले. 'काही नाही काका, नुसता आंबटपणा वर आलाय, चिमूटभर साखर घाला.' घातली. 'आता गोड झालं, चिमूटभर मीठ.' घातलं. 'आता खारट झालं, काही नाही, नुसता एक टोमॅटो किसा.' किसला. 'आता पातळ झालं...' अहो, त्या माणसाने कधी माझा विमा उतरवला नाही, मी म्हणतो माझं नशीब, हप्त्यावर हप्ता लावला असता! दोघांचं जेवण होतं. छोट्या पातेल्यातून मोठ्या पातेल्यात गेलं, मोठ्यातून पाहुण्यांच्या पातेल्यात गेलं, आणि बाटली होती एकच.

आणि प्रत्येक वेळी मी काय करायचो, चमचा घेऊन बाहेर जायचो. ती खुर्चीत, पिशवी मांडीवर. म्हणायचो, 'अगं, बघ ना जरा, काय कमी आहे यात?' ती चमचा तोंडात घ्यायची, गिळायची, खिडकीकडे बघायची. 'काही नाही.' साखर घातल्यावर नेला. 'काय कमी आहे?' 'काही नाही.' मग मी काय केलं, एक चमचा मुद्दाम खारट करून नेला. तोंड वाकडं होईल असा. मी स्वतः आधी चाखून डोळ्यांत पाणी आणलं होतं. तिने तोही गिळला, आणि म्हणाली, 'काही कमी नाही. छान आहे.' 

तिथे मी खचलो हो. खरंच सांगतो. चमचा हातात घेऊन दारात उभा राहिलो. तिला चव लागत नव्हती असं नाही, तिला बोलावंसं वाटत नव्हतं. कशात काही चुकलं काय आणि बरोबर आलं काय, आता आपल्याला कोण विचारतंय, असं झालं होतं तिचं. आणि मी तिथे टोमॅटो किसतोय!

तेवढ्यात आतून ताई ओरडली, फोन चालूच होता. 'अरे, पास्ता उकडलेलं पाणी फेकू नकोस हं, त्यातलं घालायचं असतं!' मी सगळं सिंकमध्ये ओतून मोकळा झालो होतो. 'फेकलंस? अरे देवा, त्यातच तर सगळं असतं!' आता मला सांगा, उकडलेलं पाणी कोण ठेवतं? उद्या म्हणेल अंडी उकडलेलं पाणी पाहुण्यांना दे. एजंट म्हणाले, 'काही नाही, नुसता गॅस मोठा करा, झाकण ठेवा, आपोआप मिळून येईल.' मोठा केला. झाकण ठेवलं. आलं मिळून. फाट्कन उडालं, झाकण तिकडे, एजंट इकडे, आणि ते छतावरचं, मघाशी म्हटलं ना, ते त्यातलंच. एजंटांना तेवढ्यात घरचं काम आठवलं.

पण वाढलं. पर्याय काय होता? दोन ताटल्या, वर सॉस, टेबल पुसलेलं. ती उठून आली, बसली, खायला लागली. एक घास. दुसरा घास. मी आपला माझं ताट पुढ्यात घेऊन तिच्या तोंडाकडे बघतोय. आणि तिसऱ्या घासाला ती थांबली. काट्यावर काहीतरी आलं होतं. तिने काटा दिव्यासमोर धरला, फिरवून बघितला. तो कांदा होता. तो, जसाच्या तसा पडलेला.

'हा कोणी कापला?'

म्हटलं, मी.

'हा कापलाय?'

मी माझं ताट जरा मागे ओढलं.

'कापलाय का फाडलाय? याची एक बाजू एवढी, एक बाजू तेवढी. आणि हा बघा, हा उभा गेलाय, हा आडवा गेलाय. कांद्याला पण कापडासारखा उभा-आडवा धागा असतो, तुम्हाला दिसत नाही? कापण्याआधी बघायचं तरी.'

तुम्हाला सांगतो, आयुष्यात इतकं गोड मला कुणी बोललं नाही. ती उठली, स्वयंपाकघरात गेली, चपला तिथेच दारात काढल्या. फळी घेतली, सुरी घेतली, एक कांदा सोलला आणि कापायला लागली. कांदा कापता कापता बोलायला लागली, माझ्याकडे न बघता. 'ते मशीन म्हणे चुकत नाही. चुकत नाही, बरोबर आहे. कापड तिरकं लावा, ते तिरकंच कापतं, न चुकता. कालची सगळी थप्पी तिरकी गेली, मला लांबून दिसत होतं. मी उठून सांगायला गेले, तर तो नवीन पोरगा म्हणतो, मावशी, तुम्ही बटणं बघा.' कांदा संपला. दुसरा घेतला. 'तुम्ही बटणं बघा म्हणाला.' तिसरा घेतला. मी सोलून देत होतो.

टोपलीतले सगळे कांदे संपले तेव्हा ती थांबली. फळीवर हा ढीग, आणि एकेक तुकडा असा, की मापाला घ्यावा. मग तिने त्या पातेल्यात डोकावून बघितलं आणि म्हणाली, 'हे काय केलंय?' म्हटलं, सॉस. सुधारलाय. 'बाटलीतला तसाच बरा असेल,' म्हणाली, आणि पातेलं रिकामं केलं. अख्खं. तेवढी मेहनत! आम्ही जेवलो काय? पाव आणि कच्चा कांदा. तिने दोनदा वाढून घेतला.

आता तुम्ही म्हणाल, चला, गोड झालं. काय गोड झालं? सकाळी ती उठली आणि त्याच कारखान्यात त्याच बटणांच्या टेबलावर जाऊन बसली. कांद्याने मशीन बंद पडत नाही हो. संध्याकाळी आली. खुर्चीत बसली. मी भीत भीत विचारलं, 'काय झालं?' तर म्हणाली, 'सांगते. आधी कांदे काढा. आणि सुरीला हात लावू नका.'

तेव्हापासून हे रोजचं. ती कापते आणि सांगते, सांगते आणि कापते. आणि कापलेलं वाया कसं घालवायचं, म्हणून मी खातो. ती बोलते आहे तोवर खातो. कधी थोडंसं झालेलं असतं, मूठभर कांद्यात भागतं. कधी कारखान्यातले साहेब तिला सगळ्यांसमोर बोललेले असतात, मग परात भरते. मी ना म्हणत नाही. फक्त दुकानात येणारी गिऱ्हाइकं हल्ली कुलूप दुरूनच दाखवतात, आणि एजंट तर जिन्यात श्वास धरून चढतात. तुम्हालाही मघापासून वाटत असेल ना, हा माणूस इतका लांब उभा राहून का बोलतोय?