पक्ष्याला द्विवचन नसतं

अध्यक्षमहाशय, सुमनवहिनी, आणि शिवाच्या ओढीनं जमलेल्या मंडळींनो,

माझा धंदा बातमीदारीचा. गावातला कुणी गेला की तासाभरात त्याच्यावर मजकूर लिहून देणारा माणूस मी. पण काल 'शिवलिंग हिरेमठ यांचे निधन' एवढं लिहिलं आणि पेन पुढं सरकेना. आजही धड बोलता येईल असं वाटत नाही. अडखळलो तर सांभाळून घ्या.

शिवा टेलिव्हिजनसाठी रानातल्या पशुपक्ष्यांचे माहितीपट करायचा. ते मुंबईत दिसायचे. सोलापुरात अजून टेलिव्हिजन दिसत नाही. म्हणजे इथं बसलेल्या बहुतेकांनी त्याचं काम पाहिलेलंच नाही. लोक मला विचारायचे, हिरेमठ नक्की करतात काय? मी सांगायचो, बसतात.

खोटं नव्हतं ते. नान्नजच्या माळावर घोंगडी आणि गोणपाट लावून केलेलं एक लपण. आत एक माणूस मावेल, तोही गुडघे पोटाशी घेऊन. कॅमेऱ्याची घरघर ऐकू जाऊ नये म्हणून त्याला आपली सोलापुरी चादर गुंडाळलेली. त्यात हा दिवसभर. वहिनी म्हणायच्या, घरात जेवायलासुद्धा एका जागी बसत नाहीत, तिथं कसे बसतात कोण जाणे.

मंडळी, लपणात शिरायची एक रीत असते. दोघांनी जायचं. एकानं आत बसायचं, दुसऱ्यानं मोठमोठ्यानं बोलत परत फिरायचं. पक्ष्याला मोजता येत नाही. माणूस आला, माणूस गेला, एवढंच त्याला कळतं. तो परत फिरणारा माणूस मी.

शाळेत शिवा संस्कृतात नापास झाला तो द्विवचनापायी. दोघांसाठी वेगळं रूप कशाला, म्हणून गुरुजींशी वाद घालायचा. मी त्याला पुढं म्हणालो, शिवा, तुझ्या पक्ष्यांनाही द्विवचन येत नाही, म्हणूनच तुमचं जमतं. तो म्हणाला, "बरंय ना. तुझं व्याकरण निदान परत फिरायच्या कामी आलं."

यंदाच्या पावसाळ्यात माळढोकाची मादी अंड्यावर बसली. अंडं एकच. ते फुटताना टिपायचं, एवढं एक त्याचं राहिलं होतं. ती चरायला उठली की मी जाऊन त्याला बाहेर काढायचं, असं ठरलेलं. मध्येच काही अडलं तर त्यानं मागच्या फटीतून रुमाल दाखवायचा. मी लांब लिंबाखाली बसून त्या फटीकडं बघायचो.

त्या दिवशी मादी उठेना. दुपार कलली. माळावर मेंढरं राखणारा म्हाळाप्पा जवळ आला. "पेपरवाले, तुमचं दोस्त आत निजलं का काय? लई येळ झाला की." मी म्हटलं, रुमाल नाही, म्हणजे ठीक आहे. तो म्हणाला, "ठीक असंल बी. पण डोमकावळं कवाधरनं वर फिरत्यात."

संध्याकाळी मादी उठली, तेव्हा आम्ही शिवाला ओढूनच बाहेर काढलं. अंगातला सदरा पिळून निघेल असा घाम. दुपारपासून छातीवर कुणी बसल्यासारखं वाटतंय, म्हणाला.

"मग रुमाल का नाही दाखवलास?"

"तू आला असतास."

"त्यासाठीच असतो ना तो?"

"तू आलास की ती उठते. वर कावळे होते." मग घाम पुसत म्हणाला, "अंडं एकच असतं रे."

मंडळी, दार बंद नव्हतं. कडी नव्हती. साधं गोणपाट होतं. हात लावला असता तर बाहेर आला असता. याहून पक्का तुरुंग मी पाहिलेला नाही.

इस्पितळात तो एकच विचारायचा, अंड्याचं काय झालं? शेवटी म्हाळाप्पा स्वतः शहरात येऊन सांगून गेला. "फुटलं की. आईच्या मागं पळतंय आता." मी ते शिवाच्या कानात सांगितलं. त्यानं डोळे मिटले. म्हणाला, "कॅमेरा नव्हता तेव्हाच नेमकं." चिडला होता, आणि हसतही होता.

मग म्हणाला, "आता तू जा. हिच्याशी मोठमोठ्यानं बोलत जिना उतर. बाहेर जो टपून बसलाय, त्याला वाटू दे खोली रिकामी झाली."

वहिनी, आठवतंय ना? आपण ज्वारीच्या भावावर तावातावानं बोलत जिना उतरलो. तुमचं डोळे पुसणं चाललं होतं आणि मी ओरडत होतो, बार्शीला भाव काय आहे म्हणून.

उपयोग झाला नाही. यमाचं व्याकरण पक्कं निघालं. त्याला द्विवचन येतं.

इतकी वर्षं तो आत आणि मी बाहेर. आज पहिल्यांदाच तो निघून गेलाय, आणि आत बसलोय आपण. बाहेर लिंबाखाली कुणी नाही. रुमाल दाखवायचा कुणाला?

श्रद्धांजलीसाठी आपण उभं राहायला नको. बसूनच राहू या, तो बसायचा तसे. हलायचं नाही, खोकायचं नाही. समोर ती अंड्यावर बसली आहे असं समजा. ती उठेपर्यंत आपल्यालाही उठता येणार नाही.