आई कॅमेऱ्यासमोर बसली तेव्हा

तुम्हाला सांगतो, त्या दिवशी माझ्या हातात माईक नसता तर मी घरातून पळूनच गेलो असतो. माझी मैत्रीण नेहल लग्न झालेल्या बायकांच्या शरीरसुखावर डॉक्युमेंटरी करत होती. इथे सुरतेत आमच्या ओळखीतली एकही खान्देशी बाई कॅमेऱ्यासमोर बसायला तयार नव्हती. शेवटी माझी आईच म्हणाली, "मी बोलते."

पप्पा इच्छापोरला ड्यूटीवर होते. मला वाटलं, आई दोन वाक्यं बोलेल आणि चहा टाकायला उठेल.

आईनं पदर सारखा केला आणि नेहलला म्हणाली, "पस्तीस वर्षांत यांनी मला एकदाही विचारलं नाही, तुझी इच्छा आहे का म्हणून. आणि मला इच्छा व्हायची, बेटा. पण बाईनं ती बोलून दाखवायची नसते. मग भिंतीकडे तोंड करून झोपायचे."

माझे कान तापले. आई मात्र अर्धा तास बोलत राहिली, काहीही न झाकता.

मग नेहलनं संमतीचा फॉर्म काढला. "मावशी, नवऱ्याचं नाव?"

आईनं तोंडाला पदर लावला. "अगं बाई, त्यांचं नाव मी कसं घेऊ? आजपर्यंत कधी घेतलं नाही."

ती मान वर करेना, म्हणून शेवटी मीच सांगितलं, "सुकदेव."

आईनं माझ्याकडे असं पाहिलं, जणू तो अर्धा तास मीच बोलत होतो.

"बापाचं नाव असं एकेरी घेतात? परक्या पोरीसमोर जरा तरी लाज बाळग."