जिन्यात धरलेला हात

कॅनडातल्या रेजिना शहरातल्या आमच्या कॉन्डोत एकदा फायर अलार्म वाजला. लिफ्ट बंद, आणि सासऱ्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन नुकतंच झालेलं. नवऱ्याने त्यांना पाठीवर घेतलं आणि तो जिना उतरू लागला.

बाबा इतिहासाचे रिटायर्ड प्रोफेसर. पाठीवरूनच म्हणाले, "रोमन लोकांचा मूळपुरुष जळत्या शहरातून म्हाताऱ्या बापाला असाच घेऊन निघाला होता."

"आणि त्याची बायको?" मी मागून विचारलं.

बाबांनी मान वळवून मागे पाहिलं. "मागून येत होती. गर्दीत हरवली ती परत सापडलीच नाही." मग मुलाला म्हणाले, "थांब जरा."

तो थांबला. बाबांनी हात मागे केला. "धर गं."

खाली कळलं, कुणाचा तरी टोस्ट जळला होता. बाबांनी हात सोडला तो आम्ही परत घरात आल्यावरच.