भाचीच्या चित्रपटातला माझा चेहरा

...आणि वर म्हणे, ‘मावशी, तू फक्त बस, बाकीचं आपोआप होईल.’ अहो, आपोआप काय होतं? भिंतीला ओल येते. चित्रपट आपोआप होत नाही. तुम्हाला सांगते, मला तेव्हाच संशय आला. भाची माझी प्रयोगशील दिग्दर्शिका. म्हणजे चित्रपटात ना गोष्ट, ना गाणी, आणि विषय कोणता, तर चिरंतन सुखाचा शोध. त्यासाठी सापडली कोण? निवृत्त मुख्याध्यापिका. जिच्या चपलांची चाहूल लागताच अख्खा वर्ग पाय जुळवून बसायचा, ती मी! हिला माझं हसं करायचंय, दुसरं काय? उभा जन्म जपलेला दरारा, तो हिच्या पडद्यावर जाणार...

खिडकीपाशी बसवून म्हणते, ‘सुखाचं वाटेल ते कर.’ पुस्तक वाचलं. ‘नाही गं, जांभई दिसली.’ झाडांना पाणी घातलं. ‘मावशी, तू कुंडीला दटावतेयस.’ मग मात्र मी तिलाच धारेवर धरलं: खुर्ची कुठे ठेवलीस, दिव्याची वायर पायात येते, सरळ उभी राहा... आणि ती आपली ‘हो मावशी, हो मावशी.’ जिने जन्मात कधी उलट उत्तर द्यायचं चुकवलं नाही, ती पोरगी निमूट? मला तेव्हाच संशय आला.

काल सभागृहात तो चित्रपट दाखवला. आधी एक टॅक्सीवाला, मग एक नर्स, मग शेजारचे काका. सगळे सुख शोधतायत, आणि चेहरे मात्र दाढ दुखत असल्यासारखे. मागचा दाढीवाला पुटपुटतो, ‘काय खोल आहे.’ खोल कसलं, आत्तापर्यंत घोरत होता! आणि एकदम पडद्यावर मी. आवाज बंद, नुसता चेहरा. बोट नाचतंय, डोळे चमकतायत, गाल वर आलेत... अहो, स्वतःच्या लग्नाच्या फोटोतही मी इतकी खूश नाही. वळून पाहिलं, तर दाढीवाला डोळे पुसतोय. एक बाई कुजबुजली, ‘हिला मिळालं बरं का.’ काय मिळालं? मी पोरीला वायरवरून झापत होते!

दिवे लागले. भाची आली, चेहरा उतरलेला. ‘मावशी, रागावलीस का? नको असेल तर तुझा भाग काढून टाकते.’

म्हटलं, रागावू कशाला. पण पडदा तिरका होता, शेवट रेंगाळला, आणि डोळ्यांवर आलेले ते केस आधी बांध... ती निमूट ऐकतेय. निमूट. मला संशय आला. खाली पाहिलं, तर तिच्या हातातल्या कॅमेऱ्याचा लाल दिवा चालू.

आता काय करणार... चष्मा सारखा केला, आणि पुढची चूक सांगायला घेतली.