हाड जुळलंय, किल्ली फिरत नाही

...नाही, मला एक सांगा, हाड जुळलं म्हणजे माणूस बरा झाला, हे ठरवलं कुणी? जो भेटतो तो म्हणतो, "हाड जुळलंय ना? मग झालं तर!" झालं काय, डोंबल? अहो, माझा धंदा कुलपांचा! अडकलेली उघडायची, हरवलेल्या किल्ल्या घासून द्यायच्या. आणि किल्ली फिरते कशावर? मनगटावर! दुकानाच्या ओल्या पायरीवरून घसरलो, उजवा हात टेकला, मनगट मोडलं. प्लास्टर चढलं, उतरलं, एक्स-रे काढला... डॉक्टर म्हणाले, हाड जुळलंय! खुशीत घरी आलो, दाराला किल्ली लावली, तर हात अर्ध्यातच थांबला. पुढे फिरेचना! सगळ्यांची कुलपं उघडणारा मी, स्वतःच्या दारात उभा राहून ओरडतोय, "अगं, दार उघड!" आतून बायको, "किल्ली तुमच्याकडेच आहे ना?" आहे हो, किल्ली आहे, हात कुठाय?

तेव्हापासून कामावर बायको बरोबर यायला लागली. म्हणजे डोकं माझं, मनगट तिचं. मी आपला मागून, "जरा डावीकडे घे... आता हलकेच दाब..." आणि कुलूप उघडलं की गिऱ्हाईक तिच्याकडे बघून हसायचं. मी उगाच खोकायचो.

व्यायाम करून घेणाऱ्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, मनगट मोकळं होईल, पण बरेच दिवस यावं लागेल, विम्यात बसवून घ्या. बसवून घ्या? तुम्हाला सांगतो, विम्याच्या ऑफिसात फोन लावला, तर तिथली मुलगी साखरेच्या आवाजात, "सर, आमच्याकडे हॉस्पिटलातून 'मनगट मोडलंय' असा कोड आलाय. आपण पुन्हा पडलात का?"

"नाही हो, तेच जुनं!"

"जुनं जुळलं असेल ना, सर?"

"जुळलंय!"

"मग उपचार कशावर, सर?"

आता काय बोलणार, कपाळ? मोडलं म्हणावं तर पुन्हा पडायला पाहिजे, जुळलं म्हणावं तर दुखायलाच नको! मग मधल्या माणसाने जायचं कुठे?

गेलो तणतणत हॉस्पिटलात, बायको बरोबर होतीच. जिन्याखालच्या खोलीत दुखण्यांचे कोड टाकणाऱ्या बाई बसतात. प्रत्येक दुखण्याला काही अक्षरं, काही आकडे, आणि विमावाले वाचतात तेवढंच! म्हटलं, "बाई, कोड बदला! हाड जुळलंय!" बाईंनी चष्मा वर सरकवला नि शांतपणे विचारलं, "ते कळलं. पण आत्ता काय होतंय तुम्हाला?"

आणि मी आपला पुन्हा ओल्या पायरीपासून सुरू झालो! पडलात कसे, हे सगळ्यांनी विचारलं होतं. आत्ता काय होतंय, हे विचारणाऱ्या या पहिल्याच.

त्या म्हणाल्या, "मोडलेलं जुळतं, तरी मागे काहीतरी राहतं. त्याचा कोड वेगळा असतो. आधी आजचा त्रास, मग तो कशामुळे राहिला ते. पण डॉक्टरांनी त्रास लिहिलाच नाही, आणि त्यांनी लिहिल्याशिवाय मला टाकता येत नाही."

"का नाही लिहिला?" मी कडाडलो.

"कसा लिहितील?" बायको म्हणाली. "ते विचारतात, कसं काय? हे सांगतात, एकदम ठणठणीत!"

गेलो डॉक्टरांकडे. म्हणाले, "तळहात वर करा." हात अर्धा फिरला आणि थांबला. "काय अडतंय?" म्हटलं, "तसं विशेष काही नाही..." बायकोने पाठीत बोट खुपसलं. आणि काय झालं कोण जाणे, सगळं भडाभडा बाहेर आलं. "डॉक्टर, ओंजळ होत नाही, तोंड धुताना पाणी सांडतं. शर्टाचं बटण हिला लावावं लागतं. आणि किल्ली... चार लोकांसमोर हिला सांगावं लागतं हो, तूच फिरव म्हणून..." बायकोने खिडकीकडे तोंड फिरवलं. डॉक्टरांनी पेन उघडलं. "हे आधी का नाही बोललात?"

"तुम्हीच म्हणालात ना, हाड जुळलंय!"

हसले बिचारे. पण सगळं लिहिलं. मग बाईंनी कोड टाकला. आधी, मनगट आखडलंय. त्यामागून, मोडलं होतं त्याचा राहिलेला परिणाम. विमा मंजूर! मग काय, गरम पाण्यात हात बुडव, ओला टॉवेल पीळ, आई आठवेपर्यंत पीळ! हळूहळू हात वळायला लागला. पूर्ण नाही. डॉक्टरीणबाई स्पष्टच म्हणाल्या, "आता एवढं राहणारच." राहू दे. एका सकाळी स्वतःच्या दाराची किल्ली फिरली. पुन्हा लावलं, पुन्हा उघडलं, पुन्हा लावलं. शेजारी म्हणाला, "काय, कुलूप बिघडलं?" म्हटलं, "नाही, चांगलं चालतंय."

आणि परवाच फोन आला, "दार अडकलंय, लवकर या." म्हटलं, "हा काय, निघालोच! हात आता मस्त आहे!"

"हो का? वा वा! पण वहिनींनाच पाठवा ना... त्यांच्या हातून दाराला ओरखडा येत नाही."

आता या त्रासाला कोड मागायला कुणाकडे जाऊ? हत्यारांची पिशवी उचलली आणि निघालो तिच्या मागे.